आडात आहे

मी सगळ्यांच्या शेवटी चालतो.
पुढे झुल्मिरा आत्या, हातात मिटलेली पिवळी छत्री,
ऊन असो नसो; छत्री उंच धरली की माणसं हरवत नाहीत.
मधे तेरा जण. मागे मी.
माझं काम मोजायचं.
वळण आलं की डोकी मोजायची, वहीत आकडा टाकायचा.

सुरुवात नदीवर.
आत्या म्हणते, पाण्याकडे पाठ करा.
जहाजातून उतरवलेल्यांना लिस्बन दिसलं ते असं:
नुसता चढ.
एवढंच सांगते आणि निघते.
तिचा गुडघा दुखतो, म्हणून चढावर ती फार बोलते,
बोलायला थांबावं लागतं.

एका भिंतीला हात लावून विचारते,
ही घरं पांढरी कुणी केली?
लांब काठीला कुंचला, खांद्यावर बादली,
बोटांच्या भेगांत चुना जाऊन जाऊन
आमच्याच माणसांचे हात पांढरे व्हायचे.
शहराला चुना त्यांनी लावला,
आणि लागला त्यांनाच.
कुणी हसत नाही. एक बाई भिंतीवरून बोट फिरवून
बोट बघते.

मग त्या बायांचं, ज्या अंधार पडल्यावर
घराघरातली घाण डोक्यावर घेऊन नदीपर्यंत जायच्या.
सांडलं तर शिव्या.
नाही सांडलं तर
काहीच नाही, नावसुद्धा विचारलं नाही कुणी.
इथे दोघं गळाले. समोर पेस्ट्रीचं दुकान होतं,
नुकती भट्टी उघडलेली.
वहीत: अकरा.

गल्लीच्या तोंडाशी खारवलेल्या माशांचं दुकान.
अबीलियो दारातच उभा, हात बांधून.
चाळीस वर्षं बसलोय इथे, तो म्हणतो,
तुमचं हे असलं काही कधी नव्हतं.
आत्या छत्रीचं टोक त्याच्या डोक्यावर नेते.
निळ्या अक्षरांची पाटी:
काळ्यांच्या विहिरीची गल्ली.
विजेचं बिल याच पत्त्यावर येतं ना, अबीलियो?
तो मान वर करतो.
बराच वेळ वर.

विहीर कुठे आहे, विचारतात सगळे.
कुठेच नाही.
ट्रामचे रूळ आहेत, सलून आहे, एक बंद बँक.
ज्यांना माती द्यायला कुणाला सवड नव्हती
त्यांना इथे आणून टाकायचे,
वास येऊ नये म्हणून वरून चुना.
हो, तोच.
आत्या पाण्याची बाटली उघडते, पीत नाही, पुन्हा बंद करते.

टोपीवाला गृहस्थ पुराव्याचं विचारतो.
कागद, आकडे, नोंदी.
प्रश्न वाईट नाही, त्याचा आवाज तसा आहे.
लोक म्हणतात, आडात नाही तर पोहऱ्यात कुठून येणार.
आत्याचं उलटं:
आडात आहे हो, भरपूर आहे.
पोहराच सोडला नाही कुणी.

वर, रस्ता संपतो तिथे, संसद. पांढरीशुभ्र.
ही इमारत मी आतून ओळखते, आत्या म्हणते,
पहाटे पाच ते साडेआठ,
विशेषतः दुसऱ्या मजल्यावरचे संडास.
आता लोक हसतात.
ती त्यांचं हसून होईपर्यंत थांबते.

निघताना एक मुलगी, आठेक वर्षांची,
इतका वेळ आईच्या पिशवीला लटकलेली,
पायाखालच्या चौकोनी दगडांकडे बघत विचारते:
खाली किती जण आहेत?

आत्या पहिल्यांदाच मागे वळून माझ्याकडे बघते.
मोजायचं काम याचं, ती म्हणते.

सगळे वळले.
वही हातात, पेनचं टोपण दातात.
मी एक पाय उचलला,
आणि तो कुठे ठेवायचा
कळेना.