सरोवराची ओटी

डुलुथला मार्चअखेर बर्फ आपणहून फुटत नाही.
तो गाऊन फोडावा लागतो.
पहाटे पाचला, उचलत्या पुलाखाली, उणे अकरात
आम्ही सात जण, लोकरी मोज्यांवर रबरी बूट,
आणि गाणं : नऊ ओळी, चाल एकच,
अर्थ कुणालाच ठाऊक नाही.
नवव्या ओळीत एक जागा मोकळी आहे.
ज्याची पाळी त्याने तिथे आपला एक शब्द घालायचा,
आईच्या भाषेतला, वापरातला.
शब्द पाण्यात जातो. परत मिळत नाही.
मग खालून कापड टरकावल्यासारखा आवाज,
आणि पहिलं जहाज भोंगा देतं :
एक लांब, दोन आखूड.

आधी फिनिश बायका गायच्या.
आयली कोस्केला, वय एक्याण्णव, तिच्यापाशी आता
फिनिशमधले फक्त आकडे उरलेत, तेही सातपर्यंत.
इंग्रजी चालत नाही का, मी विचारलं होतं.
"एका नॉर्वेजियनाच्या मुलाने दिलं होतं एकदा," ती म्हणाली,
"बदक जाईल एवढी फट पडली.
त्याच्या आईची नव्हती ना ती भाषा. दुकानाची होती."

मी खनिजाच्या धक्क्यावर वजनकाटे तपासते.
माझी भाषा सरोवराला नवी. पहिल्या वर्षी
हुशारी केली, स्वस्तातला शब्द दिला :
तापलेलं पातेलं जिने धरून उतरवतात ती,
दोन पायांची, चोच असलेली.
अजून आहे घरात, उजव्या ड्रॉवरमध्ये. रोज हातात असते.
मागायची झाली तर बोट दाखवते.

दुसऱ्या वर्षी नवऱ्याची बहीण दिली.
म्हणजे तिचं नातं. हसू नका.
आता चिंचवडहून तिचा फोन आला की
मी शेजारणीला सांगते, श्रीरंगची,
आणि पुढे खोकते.

तिसऱ्या वर्षी, दूध तापून निवलं की वर धरते ती.

चौथ्या वर्षी तान्ह्या बाळाच्या डोक्यावरची मऊ जागा,
जिथे तेल जिरवतात, जिथे आत काहीतरी उडत असतं.
आवाज कापला माझा. बर्फ मैलभर फाटला.
तेव्हाच समजायला हवं होतं :
पाण्याखाली कुणीतरी काटा लावून बसलंय.

यंदा बर्फ साडेतीन फूट, तीन जहाजं अडकलेली.
रात्रभर शब्द पुढ्यात घेऊन बसले,
मोडीत घालायची भांडी निवडावीत तशी.
हुरहूर? नको. अंगण?
इथे तसंही नाही, पण नको.
माहेर म्हटलं, आयलीला अर्थ सांगितला,
तिने नुसती मान हलवली, नाही.
मग काही न ठरवताच गेले,
आणि नवव्या ओळीत
तोंडाशी होता तो निसटला. लहानसा. दोन अक्षरी.

क्षितिजापर्यंत उघडलं सगळं.
धक्क्यावरच्यांनी टोप्या उडवल्या.
आयली जहाजं मोजत होती : युक्सी, काक्सी, कोल्मे.
थर्मासमधली कॉफी दिली तिने, कडू, गार.
माझ्याकडे पाहिलं नाही.

रात्री नानांना फोन केला. सांगलीत सकाळ.
गुडघा, वीज, कुंडीतल्या कढीपत्त्यावरची कीड,
सगळं बोलून झालं.
लोक फोनवर "ठेवते" म्हणतात. आमच्यात तसं नाही,
नाना फोनलाही दारच समजतात.
दारातून निघताना आपण एक म्हणतो ना,
चप्पल घालता घालता,
निघण्याच्या अगदी उलट अर्थाचं,
म्हणजे कुणी निघालं असं घराला वाटू नये,
ते शोधलं.
जिभेखाली बघितलं, दातांमागे बघितलं.
नाना थांबले होते. ऐकल्याशिवाय ठेवत नाहीत.

"जाते," म्हणाले मी.

पलीकडे कुकरची शिट्टी झाली.
दुसरी झाली.
नानांनी फोन ठेवला नाही.