तासिका तत्त्वावर

पलूसच्या कॉलेजात दुसरा तास.
बी.ए. भाग तीन, आठ मुली, तीन मुलं.
बाहेर द्राक्षबागेत ब्लोअरची घरघर
आणि मी फळ्यावर काढतोय
आयर्लंडचा नकाशा,
जो दरवर्षी माझ्या हातून
बटाट्यासारखाच निघतो.

सांगत होतो :
तिकडच्या लिहिणाऱ्यांना देश दिसतो
कधी कधी म्हातारीच्या रूपात.
दाराशी येते. माझी जमीन परक्यांनी दाबली, म्हणते.
घरातला एखादा पोरगा उठून तिच्यामागं जातो.
तो परत येत नाही,
त्याची कविता येते.

"आणि ती कविता इंग्रजीत?"
शेवटच्या बाकावरून पुजारी.
हो रे. स्वतःची भाषा बरीचशी गेली होती,
दुष्काळात, बोटींत, शाळेतल्या छड्यांखाली.
मग साहेबाच्याच भाषेत साहेबाला शिव्या,
त्याही छंदात.
पोरं हसली. मीही हसलो,
इंग्रजीच्या तासांवर बिल लावणारा,
गेल्या सप्टेंबरपासून ते न निघालेला.

तेव्हा तमन्ना मुलाणी उभी राहिली,
एरवी हजेरीलाही "यस सर" मनातच म्हणणारी.
"सर, त्या म्हातारीला
कुणी जेव म्हटलं का?"

मी पान उलटून पाहिलं. तसा उल्लेख नव्हता.

"पत्री सरकारच्या वेळी
आमच्या पणजीच्या दाराशी पण आले होते.
म्हातारी नव्हती. सात बाप्ये,
गुडघ्यापर्यंत चिखल, एकाला ताप.
कोण, कुठले, काही बोलले नाहीत.
पणजी सांगायची,
देश आला तेव्हा त्याला भूक लागली होती
आणि डब्यात पीठ दोन भाकरींचं."

मग?
"मग मागच्या दारानं चौगुल्यांच्या गोदाक्काकडनं
शेरभर उसनं आणलं.
ते द्यायचं राहिलं, सर.
शेवटच्या आजारात पण तिचं तेच,
चौगुल्यांचं पीठ फेडायचंय."

माझ्या नोट्समध्ये होतं :
राष्ट्र ही संकल्पना, पाच वैशिष्ट्ये, दहा गुण.
उसन्या पिठाला किती द्यायचे
ते विद्यापीठानं कळवलेलं नाही.

घंटा झाली. डस्टर सापडेना.
हातानंच पुसला तो बेट,
तळहात पांढराफेक,
परातीतून आत्ताच काढल्यासारखा.

पुढच्या तासाच्या हिंदीच्या मॅडम दारात थांबून म्हणाल्या,
अहो, हात तरी धुवा.
म्हटलं, असू दे थोडा वेळ.