दिवा आणणारी

डिसेंबरात ग्लासगोत साडेतीनलाच अंधारतं.
क्लाइडच्या काठी, पूर्वी जिथे दोर वळायचे
त्या शेडमध्ये आमचा स्टुडिओ.
एक खुर्ची, तीन कॅमेरे
आणि इश्बेल. वय एकाहत्तर, गुडघ्याला पट्टा.

नाटक जुनं. चार पिढ्या त्यावर रडत आल्यात.
पात्रं अकरा. आमच्याकडे पैसे एकीचे.

म्हणून मी चिकटपट्ट्या लावल्या:
नवऱ्यासाठी पिवळी, दोन नंबरच्या कॅमेऱ्याच्या कानाशी.
मुलासाठी निळी, जरा वर; तो उंच असणार.
सावकारापर्यंत पट्ट्या संपल्या,
मग माझ्या डब्यातल्या लोणच्याच्या बाटलीचं लेबल.
इश्बेल त्या लेबलापुढे हात जोडते
तेव्हा पोटात कालवाकालव होते माझ्या.

अडीच तासांची बावन्न मिनिटं मीच केली.
भांडणं कापायला सोपी.
"काय म्हणालास? जाणार?"
झालं, मुलगा बोलून गेला.

पण तिसऱ्या अंकात एक मोलकरीण आहे.
दिवा आणते, ठेवते, जाते.
वाक्य नाही, नाव नाही.
एका तोंडून दहा जण बोलतील;
जी बोलतच नाही, ती कुठल्या तोंडात बसवायची?
मी रेघ मारली. कुणी विचारलं नाही.

इश्बेलने विचारलं. चहात बिस्किट बुडवत.
"माझी सुरुवात तिच्यापासून. डंडीला, एक हिवाळा.
तीन पावलं आत, तीन बाहेर.
दिव्यात खरं रॉकेल असायचं. जड."
मी म्हटलं, बघू.
आमच्या धंद्यात बघू म्हणजे नाही.

रेकॉर्डिंगला, मालकिणीच्या मोठ्या भाषणात
ती मध्येच थांबली.
विसरली, हेडफोनमध्ये डूगल पुटपुटला.
प्रॉम्प्टरवरची ओळ मागे गेली, पुढे आली.
तिने पाहिलंच नाही.
उठली. गुडघा कटकन वाजला, तोही माइकने टिपला.
चौकटीबाहेर गेली.
नुसती खुर्ची.
नऊ सेकंद. मी मोजले.

मग आली. हातात काही नाही,
पण मनगटं ओझ्याने वाकलेली,
नजर खाली, कॅमेऱ्याला ओळख न देणारी.
ते काही-नाही तिने खुर्चीपाशी ठेवलं.
गेली.

परतली ती मालकीण होऊन,
आणि उरलेलं भाषण
किंचित डावीकडे तोंड करून म्हणाली,
उजेड तिकडे होता ना.

बावन्नची त्रेपन्न झाली. चॅनेलला बावन्नच हवी.
ते एक मिनिट मी
सावकाराकडून वसूल केलं.