घट

रात्री साडेदहाला फोन आला,
कावळा नाक्याच्या पुढं जेसीबीनं केबल तोडली.
अठ्ठेचाळीस धाग्यांची.
ड्रायव्हर म्हणतोय, मला वाटलं
कशाचं तरी मूळ आहे.

मार्केट यार्डाच्या केबिनमधून आधी उजेड सोडला.
तुटल्या जागी आपटून तो माघारी आला
आणि पडद्यावरच्या रेघेनं सांगितलं
दोन किलोमीटर, एकशे चौसष्ट मीटर.
विहिरीत खडा टाकून
पाणी किती खोल ते ऐकावं, तसं.

व्हॅनच्या मागच्या दारात टेबल.
शौकत मुजावर बॅटरी धरतो, रंग म्हणतो पाढ्यासारखे,
निळा नारिंगी हिरवा तपकिरी
राखाडी पांढरा लाल काळा
पिवळा जांभळा गुलाबी आकाशी.
बाराला थांबतो. पुढची नळी. परत निळा.

आत उजेड टिकतो कसा, हे त्याला
मी रंकाळ्यावर दाखवलं होतं.
खापरी उभी मारली की बुडाली.
तिरकी मारली की टप्पे घेत निघाली.
आता समज, वरही रंकाळा, खालीही रंकाळा,
आणि खापरी न थांबता पुण्याला.
शौकत म्हणाला, आणि किणीचा टोल?

किरणोत्सवाला अंबाबाईकडं सूर्य सरळच येतो,
महाद्वार रोडवर कुणाची टाकी मध्ये आली की अडतो.
हा उजेड गटारीच्या कडेनं, पुलाखालून,
मंडईच्या कोपऱ्यावर वळून जातो.
फार वाकवला तर मात्र गळतो.

हुपरीत आमच्या परड्यात अण्णा चांदीची तार ओढायचे.
पोलादी जंत्री, एकाहून एक बारीक भोकं,
पाय रोवून, दात खाऊन.
शेवटच्या भोकातली तार
उन्हात धरली तरच दिसायची.
मी पहिल्यांदा ही काच घरी नेली
तेव्हा चिमटीत धरून म्हणाले, "कुणी ओढली?"
उंचावर भट्टी असते, अण्णा. काच तापून
वरून खाली येते, आपल्याच वजनानं सुरू होते,
एका कांडीतून कित्येक कोस.
"जंत्रीशिवाय?"
जंत्रीशिवाय.
बराच वेळ त्यांनी ती परत दिली नाही.

आता सोलायचं. पुसायचं. कापायचं,
म्हणजे नुसता चरा द्यायचा,
काच आपली आपण तुटते.
दोन टोकं पडद्यावर समोरासमोर,
देवळाच्या खांबांएवढी.
ठिणगी.
आईला पैंजणाच्या कडीला कडी जोडताना डाख लागायचा.
इथं मध्ये तिसरं काही नाही.
काच काचेत विरते
आणि यंत्र आकडा सांगतं,
शून्य पूर्णांक शून्य दोन.

पहाटे चारला सत्तेचाळीस झाले.
अठ्ठेचाळिसावा, आकाशी, तीनदा मोडला.
त्यातून काय जातं मला ठाऊक नाही.
गुळाचे दर, सीपीआरमधला कुणाचा एक्स-रे,
किंवा दोन्हीकडून न बोलता
नुसता धरून ठेवलेला फोन.
"लागला का?" शौकतनं विचारलं.
मी टोकात बघितलं नाही.
तो उजेड दिसत नाही, डोळा मात्र जातो.

उजाडताना हुपरी. अण्णा कट्ट्यावर.
"काल काय काम?"
अठ्ठेचाळीस जोड.
"घट किती आली?"
चांदीतली घट माणूस जरा खालच्या आवाजात सांगतो.
मीही तसाच सांगितला आकडा.
"शून्यानंतर शून्य?"
व्हय.
त्यांनी बोटं चोळली, जणू भुकटी लागलीय.
"पण शून्य न्हाई."
न्हाई, अण्णा.

चहा आला. पहिला घोट घेतोय तोवर शौकतचा फोन.
तोच जेसीबी.
त्याच खड्ड्यात, दहा फूट पुढं.