अर्धा इंच कमी

तिकिटावर आमचा तास छापलेला होता: सात ते आठ.
व्हर्ला स्टॉक्सनं तो दाखवलाही नाही.
खिडकीतल्या पोराला म्हणाली,
डॅलन, आजीचा गुडघा कसा आहे?
आणि फाटक उघडलं.

नकाशातल्या कमानी डावीकडे राहिल्या.
तिथे रांग होती,
प्रत्येकाला डोक्यावर
आभाळाचा तोच तुकडा हवा होता.

आम्ही उजवीकडे वळलो, कोरड्या ओढ्यात.
वाळूतून चाल, नाहीतर दगडावरून, ती म्हणाली.
ती काळी खरपुडी दिसते ना, ती माती जिवंत आहे.
तुझं एक पाऊल पडलं
तर ते भरून यायला माझं उरलेलं आयुष्य पुरायचं नाही.
मी चोरासारखी चालले.

वाटेत ज्युनिपर.
अर्धं अंग वाळून करडं झालेलं,
अर्ध्यावर निळी फळं लगडलेली.
पाणी कमी पडलं की
आपलीच एक फांदी मारून टाकतं हे झाड,
व्हर्ला म्हणाली, कौतुकानं,
माहेरच्या कुणाबद्दल सांगावं तसं.

भोक मला दाखवावं लागलं.
तांबड्या भिंतीच्या खांद्याशी,
एखादं कुत्रं अंग मुडपून बसेल एवढं.
त्यातून पलीकडचं आभाळ,
आणि त्या आभाळातून दोनदा गेलेला एक डोमकावळा.

नियम असा:
तीन फूट भरलं तर कमान.
मग वहीत नंबर, नकाशावर ठिपका, नाव.
नाही भरलं तर काहीच नाही.

शिंप्यासारखी गळ्यात टाकलेली टेप तिनं काढली.
दोन फूट साडेअकरा इंच.
तारीख घालून लिहिलं.
वरच्या ओळीत तेच. त्याच्या वरच्या ओळीतही तेच.
मागे, खूप मागे, एकतीस वर्षांपूर्वीच्या पानावर
सव्वाअकरा,
शाई वेगळी, हात वेगळा.
ऑरिनचं अक्षर, ती म्हणाली.
दर वर्षी म्हणायचा,
अगं, मी नुसता खांदा घासला तरी काम होईल.
मग?
मग काय. बेचाळीस वर्षांच्या संसारात
आमचं बोलणं दोनदाच बंद पडलं.
दोन्ही वेळा इथे, याच दगडाखाली.

आमच्या भाषेत याला नेढं म्हणतात, मी म्हटलं.
केवढं असावं लागतं?
कितीही. डोंगराला असतं, सुईलाही असतं.
आरपार दिसलं की झालं.

ती हसेल असं वाटलं होतं.
तिनं शब्द तोंडात घेतला. नेडा. नेदा.
ढ काही केल्या जमेना.
मग वही उघडून आजच्या तारखेपुढे,
जिथे नावाचा रकाना एकतीस वर्षं कोरा होता,
तिथे पेन टेकवलं
आणि नुसताच एक ठिपका काढून बंद केलं.
नाव माझ्याकडे आहे, म्हणाली. कधीचं आहे.
कोणतं, ते मी विचारलं नाही.

सावलीत बसून तिनं आणलेलं खाल्लं,
पावात शेंगदाण्याचं लोणी, वर बारीक वाळूचा थर,
तो काढायचा नसतो म्हणे.
वारा आला.
भिंतीला सगळीकडे धडकला,
आणि तेवढ्या एका जागी
ओवल्यासारखा सरळ पार झाला.

उठताना तोल सांभाळायला
मी त्या कडेलाच हात टेकला.
गुळाच्या ढेपेसारखा खरखरीत दगड, उन्हानं गरम.
हात काढला तर तळव्यावर
तांबडे कण.

मी तिच्याकडे पाहिलं.
ती माझ्या हाताकडे पाहत होती.
टेप गळ्यातच होती, दोन्ही टोकं वाऱ्यावर हलत.

चल, ऊन चढतंय,
एवढंच म्हणाली, आणि पुढे झाली,
नेहमीपेक्षा जरा भरभर.

गाडीपर्यंत मी मूठ उघडली नाही.