गडू

बासष्ट साली आकाशात नाशिकचं माणूस भेटणं
म्हणजे नवलच. खिडकीपाशी त्रिंबकराव गायधनी,
पंचवटीतले, काळी टोपी, मांडीवर तांब्याचा गडू,
तांबट आळीत लाखेनं तोंड बंद करून घेतलेला.
"गंगा आहे, वर ठेवायची नाही."

मी तबकातून पेपरमिंट आणि कानाचा कापूस फिरवत होते,
खांद्याशी साडीची पिन टोचत होती.
भिंगारदिवे, नाव सांगितलं. शरणपूरची.
जरा थांबले.
मग म्हणाले, "म्हणजे गंगेवरचीच की."

काहिरा सोडलं. दिवे मंद केले.
कोणी बूट काढून घोरत होतं,
एक बाई विचारत होत्या,
खिडकी जराशी उघडता येईल का.
तेवढ्यात लाख फुटली.
आवाज एवढासा, फरशीवर गोटी पडावी तसा.
हवेच्या दाबाचं आम्हाला शिकवलं होतं:
शाईची पेनं, बाळांचे कान.
गंगेचं कोणी बोललं नव्हतं.

म्हातारा झोपेत. धोतर भिजलं, गालिचा भिजला.
टिपता आलं तेवढं टिपलं,
गडू मागे नेऊन नळाखाली धरला.
टाकी काहिराला भरलेली.
शॅम्पेनचं बूच कापून तोंडात ठोकलं,
वर लाखेचे तुकडे दाबले,
ठेवला परत मांडीवर.

पहाटे ते जागे झाले, धोतर चाचपलं,
आणि मान खाली घातली.
त्यांना वाटलं, आपल्याच हातून काही झालं.
मी शाल आणून गुडघ्यांवर पांघरली.
बोलले नाही.
तेव्हा बोलायला हवं होतं.

शहाऐंशी साली मुलगा दारात, लंडनहून,
एका हातात अस्थींची पिशवी, दुसऱ्यात गडू.
"नाना तुमचं नाव काढायचे. माहेरच्या माणसासारखी
शाल घातली म्हणायचे.
शेवटी ह्यातलंच पाणी तोंडात घातलं.
बूच मात्र निघता निघेना."

मी चहा टाकला. साखर दोनदा घातली.

मग रिक्षानं गंगेवर गेलो.
अस्थी सोडल्या, त्यानं गडू भरला,
म्हणाला, तांबट आळीत लाख लावून घेतो.
"लाख नको," मी म्हटलं. "फडकं बांध."
"का?"
मी रिक्षा शोधायला लागले.