बे सक बारा

रुवाइसला शटडाउनची रात्रपाळी.
फ्लेअरच्या उजेडात, पाइपवर टेकून
बेसाहेब राजे मोजायचा:
ते-जोंग-ते-से, मुन-दान-से…
सत्तावीस जणांची पहिली अक्षरं,
शाळेत छडीखाली पाठ केलेली.

मी म्हटलं, पाढाच की हा.
आमच्याकडे तुझ्यापासूनच सुरू होतो:
बे एके बे.
तो खोकला येईपर्यंत हसला.

सहाव्यावर मात्र अडायचा.
'दान'. बारा वर्षांचं पोर गादीवर.
चुलत्यानं उतरवलं, डोंगरात धाडलं,
तिथंच संपवलं.
पुढचं 'से' म्हणजे तो चुलता.
"मध्ये श्वास घ्यायलाही जागा नाही बघ."

आणि आताचे?
"आता मतं देतो आम्ही.
मग कधीकधी तुरुंगात घालतो."
माझ्या वेल्डवर टॉर्च मारत:
"हा जोड नापास. पुन्हा कर."

मार्चमध्ये तो इंचॉनला गेला, कायमचा.
कंटेनर ऑफिसातली शेखांची तसबीर बदलली;
नवी जरा लहान,
भोवती जुन्या चौकटीची कड उरलीय.

काल फोनवर पोरगा पाढे म्हणत होता,
एका दमात, धावत.
बे पंचे दहा, बे सक बारा…
थांब, म्हटलं.
इथं श्वास घे.